न खेळलेले ५९८ सामने

सत्र संपत आले की आमच्या विभागात हजेरीपट पुरा करण्याची घाई सुरू होते. उपस्थितीची टक्केवारी काढायची, ज्यांची कमी भरली त्यांची यादी फलकावर लावायची आणि मग एकेक करून येणाऱ्या मुलांची कारणे ऐकायची. कुणाच्या घरी आजारपण असते, कुणी सकाळच्या पाळीला कामावर जातो, कुणाला आमचे शिकवणेच आवडलेले नसते (हे तो सांगत नाही, आम्हालाच उमगते). हजेरीपटावर मात्र या साऱ्यांसाठी एकच फुली. वर्षानुवर्षे अशा फुल्या मोजत आल्यामुळे असेल, गैरहजेरी हा इतिहासलेखनातला एक उपेक्षित विषय आहे असे आम्हाला वाटत आले आहे. जो हजर असतो त्याच्याविषयी साधने बोलतात. जो नसतो त्याची फक्त मोकळी जागा सापडते.

या लेखात अशाच एका मोकळ्या जागेविषयी लिहायचे आहे. ती कुठल्या बखरीतली वा दफ्तरातली नाही. ती अमेरिकेतल्या व्यावसायिक बास्केटबॉलच्या आकडेवारीतली आहे. साहित्याच्या अभ्यासकांना हा विषय आडवाटेचा वाटेल याची आम्हाला कल्पना आहे. पण आकड्यांचा तक्ता हीसुद्धा एक संहिता असते. ती कुणी, कशासाठी आणि काय वगळून रचली हे विचारता येते. हे विचारणे तर आपल्या नेहमीच्या कामातलेच आहे.

आधी खेळाची थोडी माहिती. अमेरिकेतील नॅशनल बास्केटबॉल असोसिएशन म्हणजे ‘एनबीए’ ही या खेळाची सर्वांत मोठी व्यावसायिक संघटना. तिचा हंगाम साधारणपणे ऑक्टोबरच्या अखेरीस सुरू होऊन एप्रिलपर्यंत चालतो आणि १९६७-६८ पासून, संप-टाळेबंदीसारखे अपवाद सोडले तर, प्रत्येक संघ त्या काळात ८२ सामने खेळतो. सामना ४८ मिनिटांचा, मैदानावर एका बाजूचे पाच खेळाडू. आज या शहरात, उद्या हजार मैलांवरच्या दुसऱ्या शहरात, असे विमानप्रवास करीत हे सामने व्हायचे. ८२ सामने संपल्यावर अव्वल संघांची बाद फेरी असते आणि तिच्यातून विजेता ठरतो. बाद फेरीचे आकडे वेगळ्या तक्त्यात लिहिले जातात. ही शेवटची बाब वाचकांनी ध्यानात ठेवावी. पुढे तिचे काम पडणार आहे.

आता तक्ता पाहू. खेळाडूचे नाव बिल वॉल्टन. उंची सहा फूट अकरा इंच, जागा ‘सेंटर’, म्हणजे बास्केटजवळ खेळणारा संघाचा आधारस्तंभ. १९७४-७५ ते १९८६-८७ या तेरा हंगामांत त्याने खेळलेले सामने क्रमाने असे आहेत : ३५, ५१, ६५, ५८, शून्य, १४, शून्य, शून्य, ३३, ५५, ६७, ८०, १०. बेरीज ४६८. तेरा हंगामांचे एकूण सामने १०६६ होतात. म्हणजे ५९८ सामन्यांत वॉल्टन नव्हता. निम्म्याहून अधिक.

एवढ्याच आकड्यांवरून निष्कर्ष काढायचा तर तो सोपा आहे : हा नाजूक प्रकृतीचा, हाडांचा कच्चा, नशिबाचा फुटका खेळाडू. क्रीडाविषयक लेखनात हाच निष्कर्ष वारंवार काढला गेला आहे. तो अगदीच खोटा नाही. पण त्या ५९८ फुल्या एकेक करून पाहिल्या तर त्या एकाच शाईने काढलेल्या दिसत नाहीत.

वॉल्टनचा जन्म १९५२ चा, कॅलिफोर्निया राज्यातल्या ला मेसा या गावचा. कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या लॉस एंजेलिस शाखेत प्रशिक्षक जॉन वुडन यांच्या हाताखाली तो खेळला आणि १९७२ व १९७३ ही लागोपाठ दोन वर्षे त्याच्या संघाने राष्ट्रीय विजेतेपद मिळवले. १९७३ च्या अंतिम सामन्यात त्याने २२ पैकी २१ वेळा चेंडू बास्केटमध्ये टाकला आणि एकट्याने ४४ गुण केले. याच संघाची सलग ८८ विजयांची मालिका अमेरिकेत अजून सांगितली जाते. त्यातले बहुतेक विजय वॉल्टनच्या उपस्थितीतले. जानेवारी १९७४ मध्ये एका सामन्यात तो हवेत असताना खालून धक्का बसला आणि तो पाठीवर आदळला. पाठीच्या कण्यातली दोन हाडे मोडली. तरीही दोन आठवड्यांच्या आत, १९ जानेवारीला, नॉटर डेम विद्यापीठाविरुद्ध तो पुन्हा मैदानावर होता. त्या सामन्यात ८८ विजयांची मालिका तुटली. मोडलेल्या कण्याचा हिशेब मात्र बराच काळ तुंबून राहिला. तो पुढे येईल.

त्याच वर्षी व्यावसायिक संघांनी नवोदित खेळाडू निवडायच्या वेळी पोर्टलंडच्या ट्रेल ब्लेझर्स या संघाने वॉल्टनला सर्वांत प्रथम निवडले. हा संघ १९७० मध्ये स्थापन झालेला आणि तोवर तळाशीच रेंगाळणारा. पहिल्या दोन हंगामांत वॉल्टन ३५ आणि ५१ सामने खेळला. पाऊल, घोटा, मनगट, काही ना काही दुखतच होते. इथे एक गंमतीची पण अर्थपूर्ण गोष्ट घडली. त्याच्या दुखण्याची कारणे लोक त्याच्या राहणीत शोधू लागले. वॉल्टन लांब लाल केस ठेवी, मांसाहार करीत नसे, विद्यार्थिदशेत व्हिएतनाम युद्धाविरुद्धच्या निदर्शनात त्याला अटक झालेली होती. अशा माणसाची हाडे ठिसूळ असणारच, अशा थाटाची चर्चा त्या काळी झाली. दुखऱ्या पावलाचा अर्थ चारित्र्यात शोधला गेला. गैरहजेरीचे कारण ठाऊक नसले की ती जागा आपण आपल्या पूर्वग्रहाने भरतो. यादी फलकावर लावताना आम्हीही हे करतोच.

१९७६ मध्ये जॅक रॅम्से हे पोर्टलंडचे प्रशिक्षक झाले. १९७६-७७ च्या हंगामात वॉल्टन ६५ सामने खेळला. त्या ६५ पैकी ४४ संघाने जिंकले. तो नव्हता त्या १७ पैकी फक्त ५. बाद फेरीत पोर्टलंड अंतिम लढतीपर्यंत गेले, फिलाडेल्फियाविरुद्धचे पहिले दोन सामने हरले आणि मग सलग चार जिंकून ५ जून १९७७ रोजी विजेते ठरले. ते आजतागायत या संघाचे एकमेव विजेतेपद आहे. पुढचा हंगाम तर याहून उजळ होता. पहिल्या ६० सामन्यांत ५० विजय. त्याच सुमारास, फेब्रुवारी १९७८ च्या अखेरीस, वॉल्टनच्या पायाने दगा दिला. उरलेल्या २२ सामन्यांत संघ फक्त ८ जिंकला. तरीही त्या वर्षीचा सर्वांत मौल्यवान खेळाडूचा बहुमान ५८ सामने खेळलेल्या वॉल्टनलाच मिळाला. मत देणाऱ्यांना २४ गैरहजर सामने दिसत नव्हते असे नाही. त्या सामन्यांत संघाचे काय झाले हेही त्यांनी पाहिले होते, आणि गैरहजेरी हाच त्याच्या मोलाचा पुरावा ठरला.

यानंतर जे घडले ते या लेखाचे खरे कारण आहे.

एप्रिल १९७८ मध्ये सिएटलविरुद्धची बाद फेरीची लढत सुरू झाली. वॉल्टनचे दुखणे सरले नव्हते, तरी तो मैदानावर उतरला. दुसऱ्या सामन्याआधी त्याच्या पायात वेदनाशामक इंजेक्शन देण्यात आले. तो खेळला. सामन्यानंतर एक्स-रे काढला तेव्हा डाव्या पायातले ‘नाविक्युलर’ हे हाड मोडलेले आढळले. हे पावलाच्या मधोमध, कमानीच्या माथ्याशी असलेले छोटे हाड. लॅटिनमधल्या छोट्या होडीच्या नावावरून त्याचे नामकरण झाले आहे आणि त्याचा आकारही तसाच आहे. उडी मारून खाली येताना शरीराचा भार या होडीवरून पुढे सरकतो. तिच्या मध्यभागी रक्तपुरवठा तुटपुंजा असल्यामुळे तिथली चीर सावकाश भरते, कधीकधी भरतच नाही. अशा हाडाची वेदना बंद करणे म्हणजे राखणदाराला झोपवून दार उघडे टाकण्यासारखे होते.

आता तक्त्याकडे परत येऊ. वॉल्टनच्या पुढच्या चार हंगामांत मिळून फक्त १४ सामने आहेत. या रितेपणाचा मोठा भाग ज्या सामन्यांनी घडवला ते सिएटलविरुद्धचे दोन सामने त्या तक्त्यात नाहीत. ते बाद फेरीचे; त्यांची नोंद दुसरीकडे. शिवाय जिथे ती आहे तिथे ती ‘हजर’ अशी आहे. ही हजेरी त्याला पुढे शेकडो गैरहजेऱ्यांना पडली. ती टाळली असती तर तक्त्यात आणखी दोन फुल्या दिसल्या असत्या आणि वर्तमानपत्रांतून कदाचित आणखी थोडी टीका. हजेरी म्हणजे सुदृढता आणि गैरहजेरी म्हणजे दुबळेपणा हे सोपे समीकरण या ठिकाणी मोडून पडते.

त्या उन्हाळ्यात वॉल्टनने संघाकडे दुसरीकडे पाठवण्याची मागणी केली. आपल्यावर व आपल्या काही सहकाऱ्यांवर झालेले उपचार खेळाडूच्या हिताचे नव्हते, मैदानावर लवकर उतरवण्याकडे त्यांचा कल होता, असा त्याचा आरोप होता. संघाला हा आरोप मान्य नव्हता. कोण खरे हा निवाडा करण्याच्या भरीस आम्ही पडत नाही. मात्र प्रश्न कोणता होता हे स्पष्ट सांगायला हवे. इंजेक्शनला रुग्णाने होकार दिला की नाही, एवढ्यावर तो संपत नाही. होकार देताना त्याला आपल्या पायाविषयी काय ठाऊक होते, आणि सांगणारा वैद्य कुणाचा पगारी होता, इथवर तो जातो. संघाचा डॉक्टर एकाच वेळी रुग्णाचा आणि मालकाचा असतो. एरवी या दोन निष्ठा सुखाने नांदतात. बाद फेरीच्या दिवसांत त्यांची गाठ पडते.

१९७८-७९ च्या हंगामात वॉल्टन एकही सामना खेळला नाही. तक्त्यात शून्य. हे शून्य दुखण्याचे की निषेधाचे? दोन्हींचे. पाऊल बरे व्हायचे होतेच. पण पोर्टलंडसाठी पुन्हा खेळणार नाही हा निर्धारही त्यात होता. इतिहासकाराची पंचाईत होते ती इथेच. एकच मोकळा रकाना, आणि त्यात वेदना व नकार असे कालवलेले की त्यांना वेगळे करता येऊ नये. कामगार-इतिहासाच्या अभ्यासकांना ही अडचण नवी नाही. ‘आज कामावर आला नाही’ या नोंदीमागे ताप आहे की संप, हे मस्टर सांगत नाही.

त्या नकाराला कायद्याची एक पार्श्वभूमीही होती. ऑस्कर रॉबर्टसन या नामवंत खेळाडूच्या नावाने ओळखला जाणारा, खेळाडूंच्या संघटनेने लढवलेला खटला १९७६ मध्ये तडजोडीने मिटला आणि करार संपलेल्या खेळाडूला दुसऱ्या संघात जाण्याची वाट थोडी मोकळी झाली. थोडीच, कारण जुन्या संघाला नुकसानभरपाई देण्याचे बंधन काही वर्षे कायम राहिले. १९७९ मध्ये वॉल्टन सॅन डिएगो क्लिपर्स या आपल्या घरच्या शहरातील संघात गेला तेव्हा पोर्टलंडला त्याच्या बदली खेळाडू, नवोदितांच्या निवडीतला हक्क आणि रोख रक्कम मिळाली. ज्याचे पाऊल मोडले होते त्या माणसाची भरपाई त्याला नव्हे, त्याच्या आधीच्या मालकाला मिळाली. व्यवस्थेच्या भाषेत यात विसंगत काहीच नव्हते. नुकसान संघाचे झाले होते!

डेव्हिड हाल्बरस्टॅम या पत्रकाराने १९७९-८० चा हंगाम पोर्टलंडच्या संघाबरोबर राहून ‘द ब्रेक्स ऑफ द गेम’ हे पुस्तक लिहिले. ते १९८१ मध्ये प्रसिद्ध झाले. खेळावरच्या उत्तम पुस्तकांत त्याची गणना होते. गंमत अशी की तोवर वॉल्टन त्या संघात नव्हता, तरी पुस्तकाचा बराच भाग त्याच्याविषयी आहे. निघून गेलेल्या माणसाने मागे ठेवलेली पोकळी हाच त्या संघाचा विषय होऊन बसला होता. तक्त्याला जे जमत नाही ते गद्याला जमते, याचे हे एक उदाहरण विद्यार्थ्यांनी मुद्दाम पाहावे.

सॅन डिएगोत पहिल्या वर्षी १४ सामने, मग दोन हंगाम पूर्ण रिकामे. वॉल्टनच्या पावलांची कमान जन्मतःच फार उंच होती. धक्के पचवण्याची क्षमता त्यामुळे कमी. ऐंशीच्या दशकाच्या आरंभी शस्त्रक्रिया करून ती कमान उतरवण्यात आली. या काळात त्याने स्टॅनफर्ड विद्यापीठात कायद्याचे शिक्षण सुरू केले. १९८२-८३ मध्ये तो मैदानावर परतला तो अशा बोलीवर की सुरुवातीला आठवड्यातून एकच सामना खेळायचा. त्या हंगामातले ३३ सामने असे राखून, बेतून खेळलेले आहेत. बाकीचे ४९ म्हणजे दुखापतीने हिरावलेले सामने नव्हेत. त्यांतले बरेचसे शहाणपणाने सोडून दिलेले आहेत. तक्ता हा फरक करत नाही.

त्याच हंगामात त्याच संघात रँडी स्मिथ नावाचा खेळाडू होता. फेब्रुवारी १९७२ पासून स्मिथने एकही सामना चुकवला नव्हता. मार्च १९८३ मध्ये त्याची मालिका ९०६ सलग सामन्यांवर थांबली. ती कुठल्या हाडाने थांबवली नाही. त्याला अधिक चांगल्या संघाकडून खेळायचे होते. त्याने सॅन डिएगोकडून मोकळीक मागून घेतली, आणि या संघातून त्या संघात जाताना मालिका तुटली. अकरा वर्षे शरीराने जे राखले ते एका करारनाम्याच्या फेरफारात संपले. सर्वांत चिवट आणि सर्वांत दुखावलेला असे दोघे त्या वर्षी एकाच संघाच्या खोलीत कपडे बदलत होते, हे चित्र आम्हाला फार बोलके वाटते.

स्मिथचा विक्रम पुढे ए. सी. ग्रीनने मोडला. योगायोग असा की ग्रीन मूळचा पोर्टलंडचाच. वॉल्टनच्या संघाने १९७७ मध्ये विजेतेपद मिळवले तेव्हा त्याच शहरातला तो १३ वर्षांचा मुलगा होता. १९८५ मध्ये लॉस एंजेलिस लेकर्सकडून त्याने कारकीर्द सुरू केली. दुसऱ्या हंगामात, नोव्हेंबर १९८६ मध्ये, त्याचे तीन सामने हुकले. त्यानंतर १९ नोव्हेंबर १९८६ ते १८ एप्रिल २००१ या काळात एकही नाही. सलग ११९२ सामने. सोळा हंगामांची बेरीज १२७८, आणि गैरहजेरी ती तीनच. वॉल्टनचा तक्ता फुल्यांचा तर ग्रीनचा तक्ता अखंड.

पण अखंडतेच्या आत डोकावले तर तिथेही बारकावे दिसतात. फेब्रुवारी १९९६ मध्ये, ग्रीन फीनिक्सच्या संघात असताना, प्रतिस्पर्ध्याच्या कोपराच्या तडाख्याने त्याचे दोन दात पडले. नंतरच्या काही सामन्यांत तो चेहऱ्यावर संरक्षक मुखवटा चढवून मोजकीच मिनिटे खेळला. मालिका टिकली. यावर त्या काळी टीकाही झाली : हे खेळणे की सही करून जाणे? आम्हाला ही टीका पूर्णपणे मान्य नाही. तोंडाला जखम असताना दोन मिनिटे उभे राहणे हेही सोपे नसते, आणि चौदा वर्षांची शिस्त त्या दोन मिनिटांनी खोटी ठरत नाही. मात्र वॉल्टनच्या सगळ्या फुल्या जशा एकसारख्या नाहीत, तशा ग्रीनच्या सगळ्या हजेऱ्याही एकसारख्या नाहीत, एवढे मान्य करावेच लागते. चिवटपणा हा निव्वळ देहाचा गुण नव्हे. खेळाची शैली, मैदानावरची जबाबदारी, संघातले स्थान, प्रशिक्षकाची मर्जी आणि नशीब यांनी मिळून तो घडतो. ग्रीन संघाचा निष्ठावंत सहकारी होता. सारा संघ त्याच्याभोवती फिरत नव्हता. पोर्टलंडचा संघ वॉल्टनभोवती फिरत होता.

वॉल्टनच्या तक्त्यातला सर्वांत सुखद आकडा शेवटून दुसरा : ८०. १९८५ मध्ये तो बॉस्टन सेल्टिक्समध्ये गेला. तिथे तो आधारस्तंभ नव्हता. राखीव खेळाडू म्हणून सामन्यात सरासरी १९ मिनिटे खेळे. संघाने ८२ पैकी ६७ सामने जिंकले, १९८६ चे विजेतेपद पटकावले आणि वॉल्टनला उत्कृष्ट राखीव खेळाडूचा बहुमान मिळाला. पाय तेच होते. त्यांच्याकडून काय मागायचे हे बदलले होते. वयाच्या तेहतिसाव्या वर्षी, एवढ्या शस्त्रक्रियांनंतर, तो कारकिर्दीतले सर्वाधिक सामने खेळला, हे नाजूकपणाच्या सिद्धान्तात बसवून दाखवणे अवघड आहे. अर्थात आकडा फार ताणू नये. पुढच्या हंगामात तो दहाच सामने खेळू शकला, आणि तिथे तक्ता संपतो.

तक्ता संपतो, देह संपत नाही. वॉल्टनचे दोन्ही घोटे पुढे शस्त्रक्रियेने सांधून बसवावे लागले. आयुष्यभरात त्याच्या हाडासांध्यांवर तीसहून अधिक शस्त्रक्रिया झाल्या. लहानपणापासून तोतरे बोलणारा हा माणूस पुढे दूरचित्रवाणीवरचा अखंड बोलणारा समालोचक झाला. मग, साधारण २००८ मध्ये, तो जुना कणा कोसळला. वेदना इतकी की महिनोन्‌महिने जमिनीवर पडून राहावे लागले, जीव देण्याचे विचार मनात आले, हे त्याने स्वतःच सांगितले आहे. २००९ मधल्या पाठीच्या शस्त्रक्रियेने त्याला पुन्हा उभे केले. २०१६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या आत्मकथनाला त्याने ‘बॅक फ्रॉम द डेड’, म्हणजे मरणाच्या दारातून परत, असे नाव दिले. २७ मे २०२४ रोजी कर्करोगाने त्याचे निधन झाले तेव्हा तो ७१ वर्षांचा होता. १९७४ मध्ये मोडलेल्या कण्यानिशी दोन आठवड्यांत मैदानावर उतरण्याचा हिशेब चुकता व्हायला पस्तीस वर्षे लागली. या पस्तीस वर्षांसाठी कोणत्याही तक्त्यात रकाना नाही.

हा सगळा जुना इतिहास झाला असे कुणी म्हणेल. तसे नाही. २०१७-१८ च्या हंगामात सॅन अँटोनियो संघाचा कवाय लेनर्ड मांडीच्या दुखण्यामुळे फक्त नऊ सामने खेळला. संघाच्या वैद्यकीय पथकाऐवजी त्याने बाहेरच्या डॉक्टरांच्या सल्ल्यावर भर दिला आणि त्यावरून मोठे वादळ उठले. पुढच्या वर्षी टोरांटोच्या संघाने त्याला मुद्दाम विश्रांती देत ८२ पैकी ६० सामन्यांतच खेळवले आणि २०१९ चे विजेतेपद मिळवले. शरीरावरचा भार बेतून खेळण्याची ही पद्धत तेव्हापासून सर्वतोमुखी झाली. वॉल्टनच्या आठवड्याला एक सामन्याची ती वारसदारच म्हणायची. फरक एवढाच की वॉल्टनला हा शहाणपणा हाडे मोडल्यावर मिळाला आणि लेनर्डने तो आधी मागून घेतला.

त्यावर संघटनेचे उत्तर आले ते पुन्हा मोजणीच्या भाषेत. २०२३-२४ पासून नियम झाला की प्रमुख वैयक्तिक बहुमानांसाठी पात्र ठरायचे तर किमान ६५ सामने खेळलेच पाहिजेत, आणि जवळजवळ त्या सगळ्यांत निदान २० मिनिटे. प्रेक्षकाची बाजू इथे दुर्लक्षून चालणार नाही. ज्याने एकदाच, पदरमोड करून तिकीट काढले आणि आवडता खेळाडू साध्या कपड्यांत बसलेला पाहिला, त्याची तक्रार खरी आहे. पण हा नियम मागे नेऊन लावून पाहिला तर काय होते? मालिका राखण्यासाठी ग्रीनने खेळलेली ती मोजकी मिनिटे मोजणीत येत नाहीत. आणि १९७८ चा तो बहुमान, ५८ सामन्यांचा, वॉल्टनच्या हातून बहुधा निसटतो. १९७६-७७ मध्ये मात्र त्याचे सामने बरोबर ६५ भरतात. तेव्हा एखादा सामना कमी पडत असता आणि पायात दुखत असते, तर तो सामना त्याने खेळावा की नाही? नियम याचे उत्तर देत नाही; तो फक्त त्या प्रश्नाची किंमत वाढवून ठेवतो. आणि एप्रिल १९७८ मध्ये नेमके हेच घडले होते.

म्हणून आम्हाला वाटते की ‘किती सामने चुकले’ या प्रश्नाआधी इतिहासकाराने ‘खेळायचे की नाही हे कुणी ठरवले’ असे विचारावे. वॉल्टनच्या ५९८ फुल्यांत काही हाडाने ठरवलेल्या आहेत, काही डॉक्टरने, काही त्याच्या स्वतःच्या नकाराने. आणि पुष्कळशा अशा आहेत की त्या ठरवल्या गेल्या १९७८ च्या एका रात्री, जेव्हा त्याच्या नावापुढे ‘हजर’ असे लिहिले होते.

येत्या आठवड्यात आमच्या विभागाची यादी फलकावर लागेल. नियम आहे, ती लावावीच लागेल. या वेळी मुले कारणे सांगायला आली म्हणजे आम्ही ती थोडी सावकाश ऐकावीत असे आपसात ठरवले आहे. आणि ज्यांची हजेरी पूर्ण भरली आहे, अंगात ताप असतानाही जी मागच्या बाकावर येऊन बसत होती, त्यांनाही एकदा बोलावून घ्यावे, अशी एका सहकाऱ्याची सूचना आहे. ती आम्हा सर्वांना पटली आहे.